हप्ता दिसतो, वर्षे दिसत नाहीत

घर घ्यायचे ठरले की कुटुंबात पहिला प्रश्न निघतो, "केवढ्याला पडेल?" दुसरा निघतो, "हप्ता किती बसेल?" तिसरा प्रश्न मात्र सहसा कोणी काढत नाही : हे सगळे फिटेपर्यंत आपल्या हातून एकूण किती पैसे जातील? बँकेच्या टेबलावर तर तो निघतच नाही. तिथला माणूस गोड आवाजात विचारतो, "साहेब, हप्ता झेपतोय ना?" आणि साहेब मान हलवतात. हा तिसरा प्रश्न आम्ही येथे घेत आहोत.

एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. रिबाबद्दल सूरह बकरामध्ये किती कडक ताकीद आहे, हे आपल्या वाचकांना नव्याने सांगायची गरज नाही. बहुसंख्य उलेमा व्याजी गृहकर्ज नाजायज मानतात. १९९९ मध्ये युरोपातील फतवा परिषदेने तेथील मुसलमानांना राहत्या घरापुरती, दुसरा मार्ग नसल्यास, सवलत दिली होती आणि त्यावर अनेक विद्वानांनी हरकतही घेतली होती. फतवा देणे हे आमचे काम नाही. ज्याने त्याने आपल्या मुफ्तींना विचारावे. पण मुंब्रा असो, मीरा रोड असो की कोंढवा, आपली कितीतरी कुटुंबे आज कर्जाचे हप्ते भरत आहेत आणि कितीतरी कुटुंबे फॉर्म भरायच्या विचारात आहेत, हेही खरे आहे. मुफ्ती साहेबांसमोर बसतानासुद्धा पूर्ण आकडा हातात असेल तर प्रश्न नीट मांडता येतो.

तर आकडा मांडू. पन्नास लाखांचे घर. दहा लाख पदरचे, चाळीस लाख कर्ज. दर साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षे. महिन्याचा हप्ता येतो ३४,७१३ रुपये. असे २४० हप्ते. गुणाकार केला की ८३ लाख ३१ हजार. म्हणजे चाळीस लाख घेतले आणि वर ४३ लाखांहून जास्त व्याज दिले. पदरचे दहा लाख मिळवा. मोठ्या शहरांत मुद्रांक शुल्क सहा-सात टक्क्यांच्या घरात जाते, त्याचे किमान तीन लाख. नोंदणीचे तीस हजार. इमारत अजून बांधली जात असेल तर पाच टक्के जीएसटीचे अडीच लाख. बेरीज ९९ लाखांच्या पुढे जाते. प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, गहाणखताचा खर्च, सोसायटीचे डिपॉझिट हे सगळे अजून बाजूलाच आहे. पन्नास लाखांचे म्हणून ज्याचे पेढे वाटले, ते घर एक कोटीला टेकलेले असते.

आता हे पैसे कोणत्या क्रमाने जातात ते पाहा, कारण खरी गोम तिथे आहे. पहिल्या महिन्याच्या ३४,७१३ रुपयांपैकी २८,३३३ रुपये व्याजाचे असतात. मुद्दलातून फक्त ६,३८० रुपये कमी होतात. पहिल्या वर्षभरात कुटुंब ४ लाख १६ हजार भरते आणि कर्ज कमी होते ८० हजारांपेक्षाही थोडे कमीच. पाच वर्षांनी २० लाख ८३ हजार भरून झालेले असतात, तरी ३५ लाख २५ हजार बाकी असतात. दहा वर्षांनी, म्हणजे मुदत निम्मी सरल्यावर, ४१ लाख ६५ हजार भरलेले असतात. मूळ कर्जापेक्षा जास्त! आणि बाकी? अजून २८ लाख. निम्मे मुद्दल फिटायला पावणेचौदा वर्षांहून थोडा जास्तच काळ लागतो.

यात फसवणूक कुठेही नाही. उरलेल्या बाकीवर दरमहा व्याज, इतकाच नियम आहे. सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याज मोठे. पण घरातल्या माणसांच्या मनात चित्र वेगळे असते : दहा वर्षे भरले, म्हणजे निम्मे घर आपले झाले. सातव्या-आठव्या वर्षी काही अडचण येऊन घर विकायची वेळ येते, बँकेकडून बाकीचे पत्र मागवले जाते, आणि तो आकडा बघून घरात भांडणे होतात. मुलगा म्हणतो अब्बांनी नीट चौकशी केली नाही, अब्बा म्हणतात बँकेने लुटले. दोघांनीही परतफेडीचा तक्ता पाहिलेला नसतो. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या कर्जांसाठी रिझर्व्ह बँकेने 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचा कागद देणे सक्तीचे केले आहे. सगळे खर्च धरून पडणारा वार्षिक दर त्यात असतो आणि हप्त्यागणिक मुद्दल-व्याजाचा तक्ताही असतो. सही करण्याआधी तो घरी आणा. मागितल्याशिवाय नीट समजावून कोणी देणार नाही. आमच्या मते तो घरातल्या बाईने वाचावा, कारण महिन्याचा खर्च तीच चालवते.

हप्ता कमी करून घेण्याचा मोह

बँकेतला माणूस पुढे सांगतो, "हप्ता जड वाटतोय? तीस वर्षांची मुदत करू." त्याच चाळीस लाखांचा हप्ता मग ३०,७५७ रुपयांवर येतो. महिन्याला जवळजवळ चार हजार वाचले, असे वाटते. पण एकूण व्याज ४३ लाखांवरून ७० लाखांच्या वर जाते. चार हजारांच्या सवलतीची किंमत सत्तावीस लाख! उलट पंधरा वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ३९,३९० रुपये होतो, म्हणजे पावणेपाच हजारांच्या आत वाढतो, आणि व्याज ३१ लाखांच्या आत राहते. वीस वर्षांच्या तुलनेत साडेबारा लाखांच्या आसपास वाचतात.

व्याजदरासाठी पाव टक्क्याची घासाघीस करणारी माणसे मुदतीच्या रकान्यात मात्र बँकेने लिहिलेला आकडा तसाच ठेवतात. दर महत्त्वाचा आहेच. पण कर्ज महाग करते ती मुदत. आणि मुदत हीच अशी गोष्ट आहे जी नंतर गुपचूप वाढते.

ते कसे, तेही सांगतो. आजची बहुतेक गृहकर्जे फ्लोटिंग दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे बाहेरच्या एखाद्या दराला, बहुतेक करून रेपो दराला, बांधलेली आहेत. मे २०२० मध्ये रेपो दर ४ टक्के झाला. घरे स्वस्त व्याजात मिळू लागली म्हणून अनेकांनी त्या काळात कर्ज काढले. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो ६.५० टक्क्यांवर गेला. समजा २०२१ मध्ये कोणी पावणेसात टक्क्यांनी चाळीस लाख वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता ३०,४१५ रुपये. दीड वर्षाने बाकी साडेअडतीस लाख. आता दर सव्वानऊ झाला. हिशेब सोपा राहावा म्हणून वाढ एकदम झाली असे धरू. हप्ता तोच ठेवला तर त्यातले २९,६७७ रुपये व्याजालाच जातात. साडेअठरा वर्षांत संपणारे कर्ज मग चाळीस वर्षे चालेल. चाळिशीत घर घेतलेला माणूस ऐंशीच्या पुढे जाईपर्यंत!

प्रत्यक्षात बँका इतके ताणत नाहीत, थोडा हप्ता वाढवतात, थोडी मुदत वाढवतात. पण कितीतरी घरांत हप्ता तेवढाच राहिला म्हणून काही बदललेच नाही असा समज झाला, आणि मुदत मागच्या दाराने सात-आठ वर्षांनी वाढून बसली. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे निवडण्याचा हक्क कर्जदाराचा आहे. प्रत्येक तिमाहीला बँकेने आजवर वसूल झालेले मुद्दल-व्याज, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर कळवला पाहिजे. हे पत्रक येत असेल तर ते मोबाइलमध्ये न वाचता पडू देऊ नका. त्यात फक्त एक आकडा शोधायचा : उरलेले हप्ते किती. मागच्या वेळेपेक्षा तो तीनने कमी झालेला हवा.

२०२५ मध्ये रेपो उतरत उतरत ५.२५ टक्क्यांवर आला. दर उतरला की बँक विचारते, हप्ता कमी करू का? खिशाला ते बरे वाटते. जमत असेल तर नको म्हणावे. हप्ता तोच ठेवला की उरलेली वर्षे भराभर कमी होतात. आणि ज्यांचे कर्ज २०१९ च्या आधीचे, जुन्या पद्धतीच्या दरावर आहे, त्यांनी बँकेत जाऊन लेखी विचारावे की नव्या पद्धतीवर बदलून घ्यायला फी किती. ती फी बहुधा एकदाच जाते, जुना चढा दर दर महिन्याला जातो.

ज्यांना दरच महाग मिळतो

साडेआठ टक्के हा आम्ही धरलेला दर पगारदार माणसाचा आहे, ज्याच्याकडे फॉर्म सोळा आहे. आपल्यात गॅरेजवाले, फळविक्रेते, यंत्रमागवाले, टेलर, टेम्पोवाले किती आहेत ते सांगायला नको. त्यात वस्तीचा प्रश्न. काही बँकांनी मुस्लिमबहुल वस्त्यांना 'निगेटिव्ह' किंवा 'रेड' झोन ठरवून ठेवल्याची नोंद २००६ च्या सच्चर समितीच्या अहवालातच आहे. मोठी बँक नाही म्हणते, मग माणूस खासगी फायनान्स कंपनीकडे जातो आणि बारा टक्क्यांवर सही करतो. त्याच चाळीस लाखांचा वीस वर्षांचा हप्ता ४४,०४३ रुपये, आणि व्याज पावणेसहासष्ट लाखांच्या आसपास. साडेआठवाल्यापेक्षा बावीस लाख जास्त, घर तेच, मजलाही तोच.

वस्तीचे काही आपल्या एकट्याच्या हातात नाही. पण उत्पन्नाचा कागद आहे. घर घ्यायच्या निदान दोन-तीन वर्षे आधीपासून आयकर विवरण भरावे, धंद्याचे पैसे खात्यातून फिरवावेत. कर भरावा लागेल म्हणून उत्पन्न लपवणारा माणूस पुढे त्याच्या कितीतरी पट व्याजात भरतो. आणि पागडीचे, गुंठेवारीचे, ओसी नसलेले घर स्वस्त दिसते ते उगाच नाही. अशा घरावर चांगल्या दराने कर्ज मिळत नाही, पुढे विकतानाही घेणाऱ्याला तीच अडचण येते.

कर्जाबरोबर चिकटणाऱ्या आणखी दोन गोष्टी. कर्जदाराला काही झाले तर कर्ज फिटावे म्हणून विमा दिला जातो आणि त्याचा एकरकमी प्रीमियम कर्जातच मिळवला जातो. विम्याबाबत उलेमांची मते काय आहेत ते ज्याने त्याने पाहावे. आम्ही फक्त हिशेब सांगतो : एक लाखाचा प्रीमियम कर्जात मिळवला की वीस वर्षांत तो २ लाख ८ हजारांना पडतो. विमा हवाच असेल तर वेगळा, बाहेरून घेता येतो. दुसरी गोष्ट, बांधकाम चालू असलेल्या घराचा प्री-ईएमआय. बँक बिल्डरला टप्प्याटप्प्याने पैसे देते आणि ताबा मिळेपर्यंत तुम्ही फक्त व्याज भरता. मुद्दल एका रुपयाने कमी होत नाही. इमारत दोन वर्षे रखडली तर दोन वर्षे भाडेही जाते आणि व्याजही. 'टॅक्स वाचतो' हे तर प्रत्येक एजंटाचे पालुपद. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट आहे. वीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे त्यात चाळीस-एक्केचाळीस हजार वाचतात, आणि त्याच पहिल्या वर्षी तो ३ लाख ३७ हजार व्याज भरतो. नव्या पद्धतीत राहत्या घराला ही वजावट मुळी नाहीच.

कोणी म्हणेल, वीस वर्षांनी ३४ हजारांची किंमत काय राहणार? घराचा भाव तोवर वाढेल, भाडेही वाचेल. हे म्हणणे अगदीच खोटे नाही. पगार दरवर्षी वाढणाऱ्या नोकरदाराला हप्ता पुढे पुढे हलका होत जातो. पण यंत्रमागाची मजुरी, रिक्षाची कमाई अशी वेळापत्रकाने वाढत नाही. त्या घरात पंधराव्या वर्षीही हप्ता तितकाच जड असतो, आणि मधेच मुलीचे लग्न, अम्मींचे ऑपरेशन उभे राहते.

पहिल्या वर्षीचे दोन लाख

आता थोडे हाती लागणारे बोलू. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले म्हणून बँकेला दंड लावता येत नाही. हा नियम बँकांसाठी २०१२ पासून आहे. आपल्या उदाहरणातल्या कुटुंबाने पहिले वर्ष संपताच जादा दोन लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत सव्वीस महिन्यांनी घटते आणि सात लाखांहून जास्त व्याज वाचते. हेच दोन लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर वाचतात एक लाखापेक्षा कमी. रक्कम तीच, फरक फक्त वेळेचा. दरवर्षी एक हप्ता जादा भरला तरी कर्ज सव्वातीन वर्षे आधी संपते आणि सव्वाआठ लाखांच्या आसपास वाचतात. पैसे भरताना अर्जात स्पष्ट लिहावे की मुदत कमी करा, हप्ता नको.

इथे आम्हाला आपल्या जुन्या रिवाजाची आठवण होते. कर्ज-ए-हसना. भाऊ, मामू, खाला यांच्याकडून बिनव्याजी घेतलेले पैसे बहुतेक वेळा लग्नात, दावतीत खर्च होतात. तेच दोन लाख घराच्या पहिल्या वर्षी मिळाले तर देणाऱ्याला त्याचे दोन लाख परत मिळतात आणि घेणाऱ्याचे सात लाख व्याज टळते. कर्जाआधी मिळाले तर आणखी चांगले, तेवढे कर्ज काढावेच लागत नाही. फक्त लिहून घ्या, साक्षीदार ठेवा. सूरह बकराच्या सर्वात मोठ्या आयतीत देण्याघेण्याचे लिखाण करण्याचा हुकूम आहे, आणि नात्यातल्या माणसांत आपण नेमका तोच विसरतो.

कोकणातली आखातात कमावणारी माणसे घरे अशीच बांधत आली : एका सुट्टीत जोते, दुसऱ्या सुट्टीत भिंती, तिसऱ्या सुट्टीत स्लॅब. लोक अर्धवट घराला हसतात. त्या घरावर बँकेचा एक पैसा नसतो. शहरात फ्लॅट असा तुकड्यांनी बांधता येत नाही, हे मान्य. पण लहान घर, जुने घर, स्टेशनपासून लांबचे घर घेता येते. चाळीसऐवजी पंचवीस लाखांचे कर्ज पुरत असेल तर बाकी सगळे उपाय त्यापुढे छोटे आहेत.

भागीदारीच्या शरई पद्धतीबद्दल, म्हणजे घटत्या मुशारकाबद्दल, वाचक विचारतात. त्यात संस्था आणि ग्राहक मिळून घर घेतात, ग्राहक संस्थेच्या हिश्श्याचे भाडे देतो आणि तो हिस्सा हळूहळू विकत घेतो. भारतीय बँकांत ही सोय नाही. रघुराम राजन समितीने २००८ मध्ये बिनव्याजी बँकिंगची शिफारस केली होती, पण २०१७ मध्ये रिझर्व्ह बँकेने हा विषय पुढे न नेण्याचे सांगितले. परदेशात ही सोय असलेल्यांनीही एकूण रकमेचा हिशेब मांडावाच, कारण ती रक्कम नेहमीच्या कर्जाच्या आसपास असू शकते. आणि इथे 'हलाल'च्या नावाने ठरावीक नफ्याचे वायदे करणाऱ्यांपासून सांभाळून. २०१९ मध्ये बंगळुरूची आयएमए बुडाली तेव्हा हजारो मुस्लिम घरांची आयुष्यभराची बचत तिच्याबरोबर गेली.

सही कोणाची, नाव कोणाचे

शेवटी एक गोष्ट बहिणींसाठी, आणि त्यांच्या शोहरांसाठीही. बँक पात्रता वाढवायला बायकोला सहकर्जदार करते. ती सही करते. पण घराच्या करारात तिचे नाव असतेच असे नाही. तसे झाले तर कर्जाची पूर्ण जबाबदारी तिच्यावर आणि घरावर हक्क काहीच नाही. सहकर्जदार म्हणून सही असेल तर करारातही नाव असावे, हे सही करण्याआधी सांगायचे असते. (महाराष्ट्रात घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतल्यास मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, हेही सासरी सांगता येईल.) मेहरची रक्कम किंवा दागिने घरात घातले असतील तर त्याचा कागद करावा. माणूस गेल्यावर वारसांच्या वाटण्यांआधी कर्ज फेडायचे असते, हे सूरह निसामध्ये आहे. म्हणून बाकी किती, कोणत्या बँकेत, खाते क्रमांक काय, हे घरातल्या दुसऱ्या कोणाला तरी माहीत असलेच पाहिजे.

आणि कर्ज फिटल्यावर घरी बसून राहू नका. शेवटचा हप्ता भरला की बँकेने तीस दिवसांच्या आत मूळ कागदपत्रे परत केली पाहिजेत आणि बोजा उतरवला पाहिजे. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई देणे तिला बंधनकारक आहे. १ डिसेंबर २०२३ पासून हा नियम लागू आहे. 'नो ड्यूज' पत्र घ्या, कागदांची यादी कर्ज घेताना केली होती तिच्याशी ताडून बघा, आणि गहाणाची नोंद निबंधक कार्यालयात रद्द झाली का ते स्वतः जाऊन तपासा.